शालनचे खालचे सूर

शालननं आणि मी मिळून केलेलं शेवटचं साधं काम म्हणजे शेंगा फोडणं. मंगळवारची सकाळ, मधी सूप, आणि ही बाई मोजतेय, "एक-दोन-तीन, एक-दोन, एक-दोन." सातव्याला दाणे सुपात पडले पाहिजेत, असा हुकूम. मी चौथ्यालाच एक दाणा तोंडात टाकला.

"मात्रा खाल्लीसा!" अशी ओरडली की भिंतीवरचं मांजर पळालं.

शुक्रवारी ती गेली. दवाखान्याला न्यायची रिक्षा गल्लीत यायच्या आत.

माझी बायको सगळं तालात करायची. भाकरी थापणं, धुणं आपटणं, माझ्याशी भांडणंसुद्धा. तिच्या वडलांची गायन पार्टी होती. दहाव्या वर्षी पोरीला पेटीवर बसवलं, ते सत्तरीपर्यंत ती काही उठली नाही. ताल फिरून पुन्हा पहिल्या मात्रेला येतो, त्या जागेला सम म्हणतात. कुणी बोलण्यात फार घोळ घातला की ही म्हणणार, "समेवर या!" आमच्या पोरीला बघायला पाहुणे आले, तासभर ऊस आणि पावसावर बोलत बसले. ही आतनं बाहेर आली. "पावणं, समेवर या. पोरगी पसंत हाय का न्हाई?" लग्न तिथंच ठरलं. डॉक्टर तिला हृदयाचं चित्र काढून समजावून सांगायला लागले, तर त्यांनाही तेच. "डॉक्टर, समेवर या. पेटी वाजवू का नको?"

"नको," डॉक्टर म्हणाले.

"बरं," म्हणाली, आणि घरी येऊन पेटीचं झाकण काढलं. कारण तवा इनामदार सरांचं काम चालू होतं.

हे सर कॉलेजात फिजिक्स शिकवतात आणि व्हायोलिन वाजवतात. त्यांचा रॉक बँड आहे. चौघंही पन्नाशीच्या पुढची माणसं. त्यांचं एक गाणं संपेतोवर भात शिजून निवतो. लग्नात वाजवत नाहीत, गणपतीत वाजवत नाहीत. "मग वाजवता कुठं?" मी विचारलं.

"तसं विशेष कुठं नाही," सर म्हणाले.

आता बँड मोडायचा होता. एकजण पोराकडं पुण्याला निघाला होता, एकाची बोटं आखडलेली. जाता जाता शेवटचा अल्बम करायचा, त्यात जॅझ घालायचं, टँगो घालायचं, असं त्यांच्या मनात आलं. टँगोला परदेशातली एक भात्याची पेटी लागते. ती कोल्हापुरात कुठली मिळायला? मग भीमजयंतीच्या कार्यक्रमात शालनची पेटी ऐकून सर थेट घरी आले.

पहिल्याच दिवशी सर भीत भीत म्हणाले, "मावशी, हे जरा अवघड आहे. सात मात्रांचं आहे."

"रूपक हाय की. त्यात काय अवघड?"

जॅझ म्हणजे काय ते सरांनी सांगितलं. एकजण सुटतो, मनाला येईल तसं वाजवतो, बाकीचे त्याला सांभाळून घेतात. शालन म्हणाली, "आमचा ढोलकीवाला पिऊन आला की रोज हेच करायचा." टँगो म्हणजे बाई आणि बाप्या एकमेकाला घट्ट धरून, रागानं बघत नाचतात. "म्हंजे आमचा संसार," ती म्हणाली, आणि माझ्याकडं बघितलं. चौघं हसून लोळायची राहिली.

चार महिने सरांच्या गच्चीवरच्या खोलीत तालीम चालली. पेटी मी उचलून न्यायचो आणि तिच्या समोर खुर्ची टाकून बसायचो. सगळं ब्येस होतं. भांडण एकच. शेवटच्या टँगोत सरांना पेटी वरच्या सुरात पाहिजे होती. शालन वर जाईना.

"मावशी, एवढ्या चार ओळी वर घ्या."

"न्हाई. खालीच."

सरांनी हात जोडले. पुण्याला जाणारा रुसला. मी म्हणालो, "अगं, शिकलेली माणसं हायत ती. ऐक की."

"तुमाला काय कळतंय!" म्हणाली. खालीच वाजवलं, खालीच रेकॉर्ड झालं. त्याच आठवड्यात त्या शेंगा.

पुण्यानुमोदनाचा विधी झाला, पाहुणे परतले, आणि एका दुपारी सर आले. पाणी प्यायले. मग पावसावर आणि कॉलेजावर बोलत राहिले. मीच म्हणालो, "सर, समेवर या."

"अल्बम पुरा करायचाय, काका. ते शेवटचं गाणं वरनं रिकामं वाटतं. मी त्यावर व्हायोलिन वाजवू का? तुम्हाला विचारल्याशिवाय हात लावणार नाही."

"तिनं न्हाई म्हटलंय नव्हं? मग न्हाई."

सर उठले. दारात थांबले. "त्यांनी तुम्हाला सांगू नका म्हटलं होतं. एकदा मी फार चिडलो, कारण विचारलं. म्हणाल्या, समोर आमचं मालक बसल्यात. त्यास्नी वरचं सूर ऐकू येत न्हाईत. त्यांच्यापर्यंत पोचत न्हाई ते मी कशाला वाजवू?"

सर गेले. उद्यमनगरात फाउंड्रीत अडतीस वर्षं ग्राइंडरवर काढली. कान कधी गेले ते कळलं नाही, आणि कळलं असतं तरी मी कबूल केलं नसतं. मी आपलं समजत होतो की गावात चिमण्या राहिल्या नाहीत. कुकरच्या शिट्ट्या ती मोठ्यानं मोजायची, मला वाटायचं हुकूम सोडतेय. तिचा आवाजही लग्नात पातळ होता, तो पुढं बाप्यासारखा जाड झाला. गल्ली हसायची. मीही हसायचो.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा न घेताच सरांच्या घरी गेलो. ते दाढी करत होते, अर्ध्या गालाला साबण.

"सर, वरचं वाजवा. माझ्यापायी तिनं निम्मी पेटी वाजवलीच न्हाई. बाकीच्या लोकांना कान हायत की."

सरांनी तोंड पुसलं. वर गच्चीवर गेलो. त्यांनी शालनच्या पेटीचं रेकॉर्डिंग लावलं आणि त्याच्यावर व्हायोलिन धरलं. डोळे मिटले. हात जात-येत होता, तेवढं मला दिसत होतं. त्यातलं ऐकू काहीच आलं नाही. खाली नुसती पेटी चालली होती.

"कसं वाटलं?" सरांनी विचारलं.

"ब्येस," मी म्हणालो. "असंच राहू द्या."