जवाईबापूंचा कॉम्प्युटर आणि मोतीलालची मिल

शुक्रवार, ११ डिसेंबर १९८७. सकाळी तलावावर धुके, उन्हे वर आल्यावर आभाळ स्वच्छ. थंडी बेताची. वारा अजिबात नाही, त्यामुळे मोतीलालच्या राईस मिलचा आवाज सकाळपासून थेट कानात.

निजण्यापूर्वी एवढे मी रोज लिहून ठेवतो. बहुतेक दिवस त्यापुढे लिहिण्यासारखे काही घडत नाही, आणि ते बरेच आहे. आज मात्र सकाळी चहा पिता पिता मी एक साधा निर्णय घेतला, की रजा टाकायची आणि दुपारची एस.टी. यायच्या आत गेम सुरू करायचा.

गेमची हकीकत अशी. यंदा उन्हाळ्यात आमच्या वच्छलाचे लग्न झाले. जावई घनश्याम पुण्याला इलेक्ट्रॉनिक्सच्या कारखान्यात इंजिनीअर आहेत. लग्नात आम्ही घड्याळ देऊ केले, ते नको म्हणाले. रेडिओ देऊ केला, तोही नको. आणि दिवाळसणाला आले ते स्वतःच्या पगारातून माझ्यासाठी कॉम्प्युटर घेऊन. "बाबा, ऑफिसातून थकून येता, जरा मन रमेल," म्हणाले. जावयाने सासऱ्याला ओवाळणी घातल्याची आमच्या दिघोरी गावातली ही पहिलीच घटना असावी. (पाटबंधारे खात्यातला कारकून थकतो, हेही पहिल्यांदाच कोणी मान्य केले.)

कॉम्प्युटर म्हणजे जाड पुस्तकाएवढा काळा डबा, वर रबराची बटणे. त्याची एक वायर टीव्हीला जाते, दुसरी टेपरेकॉर्डरला. गेम असतो कॅसेटमध्ये. कॅसेट लावली की गाण्याऐवजी शेपटीवर पाय पडलेल्या मांजराचा आवाज येतो, टीव्हीच्या कडेने पट्टे नाचतात, आणि पाच मिनिटे सारे सुरळीत गेले तर पडद्यावर एक विमान येते. विमानातून चार माणसे छत्री घेऊन उड्या मारतात. त्यांना बटणे दाबून खालच्या बोटीत उतरवायचे. दिवाळीत जावयांनी हे सगळे एका दमात सुरू करून दाखवले. ते पुण्याला गेले, आणि त्या दिवसापासून विमान आमच्या घरी आले नाही. पट्टे नाचतात, नाचता नाचता थिजतात, आणि खाली इंग्रजीत अक्षरे येतात, टेप लोडिंग एरर.

मी चिकाटीचा माणूस आहे. टेपचे हेड स्पिरिटने पुसले. कॅसेट उन्हात ठेवली, मग कोणीतरी म्हणाले उन्हाने बिघडते, म्हणून माठाजवळ ठेवली. आवाज मोठा केला, लहान केला. टेपरेकॉर्डरखाली घोंगडी घातली. एकदा तर टेपरेकॉर्डरचे तोंड पूर्वेला करून पाहिले. एरर काही दिशा पाहून येत नव्हती.

अशात वच्छलाचे पत्र आले. "शुक्रवारी येतो. हे सारखे म्हणतात, बाबा आता माझ्यापुढे गेले असतील, गेल्या गेल्या त्यांच्यासोबत एक डाव लावतो. बाबा, तुम्ही रोज खेळता ना? त्यांनी फार हौसेने आणला आहे. मनाला फार लागते त्यांच्या."

पत्र वाचून माझी झोप उडाली. माझी बायको कुंताबाई मात्र आज सकाळीही शांत होती.

"बंद आहे म्हणून सांगून द्या. जवाईबापू इंजिनीअर आहेत, आल्यावर करून देतील."

"अवो, पाय धुवाले पानी द्याच्या आधी जवायाच्या हातात पेचकस देऊ का मी? लोक काय म्हनतील? आनि ते काय समजतील? इतक्या हौसेनं आनलं आनि यायनं कोनट्यात टाकून देलं. मंग त्याचं तोंड उतरलं का वच्छलाले दोन दिवस ते तोंड पाहा लागते."

"मंग आजवर काय करून राहिले होते तुमी?"

"प्रयत्न."

 ती तांदूळ निवडत बसली. मी कॅसेट लावली. मांजर ओरडू लागले, पट्टे नाचू लागले, आणि अर्ध्यावर टीव्हीचे चित्र चारही बाजूंनी आकसले. एरर.

"पाहा," कुंताबाई सुपातून मान वर न करता म्हणाली, "तिकडे मिलचा पट्टा चढला, इकडे टीव्ही लहान झाला. रोजचंच आहे. मिल चालू झाली का बलबसुद्धा पिवळा होते."

मी टेप बंद केला. दीड महिना मी हेड पुसत होतो आणि माझी बायको कारण डोळ्यांसमोर घेऊन तांदूळ निवडत होती.

"मंग सांगतलं काहून नाही?"

"तुमी विचारलं काहून नाही? मले वाटलं तुमी मशीन पुसाचा छंद लावून घेतला."

दिवाळीला मिल बंद होती, म्हणून विमान आले होते. त्यानंतर नवा धान निघाला आणि मिल उजाडल्यापासून अंधार पडेपर्यंत चालू झाली. रात्री मिल बंद असते खरी, पण रात्री लाईनच, म्हणजे वीजच, बंद असते. तेव्हा उपाय एकच उरला. मी टोपी घातली आणि मिलवर गेलो.

मिलसमोर धानाने भरलेल्या बोऱ्यांची रांग होती आणि बोऱ्यांवर माणसांची. मी मोतीलालजवळ गेलो.

"मोतीलालभाऊ, जरासा वेळ मिल बंद ठेवता का?"

"केशवराव, हे बोरे पाहून राहिले ना? लोक कालपासून नंबर लावून बसले. कायले बंद करू?"

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. एवढ्या लोकांत, पिकल्या मिशीच्या माणसाने, विमानातून माणसे उतरवायची आहेत म्हणून मिल बंद करा, असे कसे सांगावे? मी मोतीलालच्या कानाशी लागलो. जावई, पत्र, वच्छला, व्होल्टेज, सगळे हलक्या आवाजात सांगितले. सांगता सांगता मी चष्मा काढून डोळे चोळले. मोतीलालला तीन मुली, दोन दिलेल्या. 'जवाई' म्हटल्याबरोबर त्याचा चेहरा उतरला. त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"जा तुमी. घरी जा, लागा कामाले. मी पट्टा उतरवतो."

मी हात जोडले आणि कोणाकडे न पाहता भरभर घरी निघालो. मागे मिलची घरघर मंदावली आणि थांबली.

आता, जे मी त्या घाईत विसरलो ते वाचकांनी विसरू नये. आमच्या गावात ऐन सुगीत, भर दिवसा मिल एकाच कारणाने बंद होते. गावात कोणी वारले, तर माती, म्हणजे प्रेत, उठेपर्यंत पट्टा चढवायचा नाही, असा मोतीलालच्या वडिलांपासूनचा नेम आहे. बोऱ्यांवरच्या लोकांनी काय पाहिले? केशवराव आले, कानात बोलले, डोळे पुसल्यासारखे केले, मोतीलालने खांद्यावर हात ठेवला आणि मिल बंद झाली. आणि केशवरावांच्या घरी ऐंशी ओलांडलेली बायाबाई, म्हणजे माझी आत्या. विचारायचे उरले काय?

घरी येऊन मी पडद्यावर ऊन पडू नये म्हणून दार लोटले, खिडक्या लावल्या. "कोनी हलाचं नाही, कोनी बोलाचं नाही," असे बजावले आणि कॅसेट लावली. एरर. (कॅसेट मागे गुंडाळायची राहिली होती.) आवाज लहानमोठा करण्यात आणखी तीन-चार वेळा एरर आली, मग पुन्हा मागे गुंडाळली, पुन्हा लावली. मांजर ओरडू लागले. कुंताबाईने त्या आवाजाने डोके दुखते म्हणून पदर तोंडाला लावला. मी पडद्यासमोर मांडी घालून, दोन्ही हात जोडून बसलो. टीव्ही आकसला नाही. पट्टे नाचत राहिले.

इतक्यात दार किलकिले झाले. शेजारची शकुनबाई होती. अंधार, निळा उजेड, पदरात तोंड घातलेली कुंताबाई, हात जोडलेला मी आणि कुठून तरी येणारा तो चमत्कारिक आवाज. तिने हळूच विचारले, "भाऊजी, कसं आहे?"

मी मागे न पाहता बोट ओठावर ठेवले. "थोडंसंच राहिलं. होत आलं आता."

"बाप्पा. लय तरास आहे का?"

"दीड महिना तरासच काढला. आज सुटन असं वाटते."

शकुनबाईने डोळ्याला पदर लावला आणि दार हलकेच ओढून घेतले. बाहेर तिने काय सांगितले ते मला नंतर कळले. ते असे की जीव अजून आहे, पण घसा लागला आहे, शेवटची घरघर आहे, आवाज ऐका. अंगणात बसलेल्या मंडळींनी तो ऐकला आणि टोप्या काढल्या.

अंगणात मिलवर पहिला नंबर लावलेला भोजराज होता, मिलच्या रांगेतले निम्मे लोक होते. तलावावर जाळे टाकणारा तुलाराम जाळे तसेच टाकून दोन हिरवे बांबू आणि सुतळी घेऊन आला होता. गावातली प्रत्येक तिरडी तोच बांधतो, आणि त्याची गाठ सुटल्याचे कोणी ऐकलेले नाही. तो कोपऱ्यात बसून निमूटपणे मापे घेत होता.

आणि ज्या बायाबाईसाठी हे चालले होते, ती कुठे होती? ती मागच्या गल्लीत देवकाबाईकडे उन्हात बसायला गेली होती. तिथे तिला कोणीतरी सांगितले, केशवरावच्या घरी माती झाली. आत्याबाई काठी टाकून निघाली.

"कुंते वो, माये," असा टाहो फोडत ती अंगणात शिरली. बायांनी सवयीने तिला जागा करून दिली. शकुनबाईने तिला पोटाशी धरले. दोघी मिळून चांगल्या रडल्या. मग आत्याबाईने नाक पुसून विचारले, "सकाळी तं चांगली होती. अचानक कशी गेली कुंता?"

"कुंता कुठची, आत्याबाई? तुमी गेल्या," शकुनबाई म्हणाली आणि तिचा हात तसाच आत्याबाईच्या पाठीवर राहिला.

तुलारामने सुतळी ओढायची थांबवली. नेमक्या त्या क्षणी एस.टी.तून उतरलेले जावई आणि वच्छला फाटकात आले. समोर गर्दी, उघडी डोकी, तुलारामच्या मांडीवर अर्धी बांधलेली तिरडी. वच्छलाने बॅग खाली टाकली आणि "बाबा" म्हणून किंचाळत दार उघडून आत आली.

मी हात वर केला. "वायरले धक्का लावू नको."

आणि पडद्यावर विमान आले.

पुढची दोन-चार मिनिटे कोण काय बोलले ते मी लिहीत नाही. वच्छला माझ्या गळ्यात पडून रडली, मग बाहेर आत्याला पाहून हसली, मग मला बोलली. कुंताबाईने तोंडावरचा पदर काढला तेव्हा ती केव्हापासून त्यामागे हसत असावी अशी मला शंका आली. दारातून सगळे गाव आत डोकावत होते. जावई मात्र त्या गर्दीतून वाट काढत आले, माझ्याजवळ बसले, पडद्याकडे पाहिले आणि त्यांचा चेहरा उजळला.

"बाबा, सुरूच आहे की. मला वाटलं होतं इथल्या व्होल्टेजवर चालेल की नाही. रोज खेळता?"

"रोज लावतो," मी म्हणालो. (हे खरे आहे.)

बाहेर तुलाराम अवघडून उभा होता. दारी आणलेला बांबू रिकामा परत नेऊ नये म्हणतात. आत्याबाई त्याच्याजवळ गेली. तिने तिरडी काठापासून काठापर्यंत निरखून पाहिली, एक गाठ ओढून पाहिली.

"चांगली बांधली रे, तुलाराम. ठेवून दे तिकडे गोठ्यात. आज नाही तं उद्या लागनच. तवरिक वालाचा वेल चढवतो मी तिच्यावर."

एवढ्यात मोतीलाल आला. धोतराचा सोगा खांद्यावर, चेहरा गंभीर. टीव्हीपुढे येऊन बसलेल्या आत्याबाईला पाहून तो उंबऱ्यातच थबकला.

"बाई, तुमी?"

"ये, मोत्या. बस."

"मंग मिल काहून बंद आहे?" त्याने मला विचारले.

"तुमीच बंद केली."

"ते तं पाच मिनटासाठी. मी पट्टा चढवूनच राहिलो होतो, तं भोजराज म्हने बाई गेली. मंग कशी चढवू? नेम आहे ना. आता मिलवाला पोऱ्या घरी पाठवून देला, मोटर थंड झाली."  मग टीव्हीकडे मान वळवून म्हणाला, "हेच का ते इमान?"

जावई म्हणाले, "बाबा, आधी तुम्ही. सगळे पाहताहेत."

सगळे खरोखरच पाहत होते. रांगेतले शेतकरी, शकुनबाई, देवकाबाई, मांडीवर सुतळी घेतलेला तुलाराम, दोन्ही खिडक्यांतून आणखी कोण कोण. मी चष्मा पुसला आणि बटणांवर बोटे ठेवली.

मिल आता उद्या सकाळीच सुरू होईल. लाईन जाईपर्यंत ज्यांनी ज्यांनी डाव खेळला, त्यांत तुलारामची चारही माणसे बोटीत उतरली, जावयांची तीन, मोतीलालची दोन, आत्याबाईचे एक. माझी चारही पाण्यात पडली.