क्लाइडसाहेबांची दोन मिनिटं

पाहुण्यांचा परिचय दहा मिनिटांपेक्षा कमी झाला तर पाहुण्यांचा अपमान होतो, अशी मस्कतमधल्या त्या मराठी मंडळाची पक्की समजूत होती. म्हणून अमेरिकन कवयित्री एडना प्रूडम यांनी स्वतःविषयी पाठवलेला मजकूर वाचून भगवान सोनवणे खचला. 'सात कवितासंग्रह. ओहायोत राहतात.' खलास.

भगवान अल् खुवैरच्या एका कंपनीत इंजिनिअर होता. मंडळात अकरा वर्षं त्याने निष्ठेने खुर्च्या मांडल्या होत्या. माइक पहिल्यांदाच मिळत होता. अध्यक्ष एकनाथराव स्पष्टच म्हणाले होते, "हे नीट जमलं तर वर्षभराचं सूत्रसंचालन तुमचं, सोनवणे. नाही जमलं तर खुर्च्या आहेतच."

"अहो, मग कविता वाचा ना त्यांच्या," माधवी म्हणाली. "माणूस कवितेतच सापडतो."

भगवानने बायकोचा सल्ला इंजिनिअरच्या शिस्तीने पाळला. सातही संग्रह मागवले आणि माहिती दिसेल तिथे पिवळी रेघ ओढली. वडील गिरणीत. बालपणी पूर. पाचव्या संग्रहात मात्र तो थबकला. दारातली रिकामी जागा, उशीवर राहिलेले पांढरे केस, संध्याकाळी ऐकू येतील असं वाटणारी पावलं...

"नवरा गेला गं बिचारीचा," तो गहिवरला.

"पप्पा, पोएममधलं सगळं खरं... म्हणजे, तसं झालेलं नसतं," दहावीतली प्रणाली अडखळत म्हणाली.

"अख्खं पुस्तक खोटं कोण लिहील, बेटा?"

बातमी एकनाथरावांना कळली. "मग आधी श्रद्धांजली. रीत आहे आपली." इंटरनेटवर बाईंच्या लग्नाचा जुना फोटो सापडला, खाली नवऱ्याचं नाव होतं: क्लाइड. त्यातून नवरी कापून नवरा मोठा केला, फ्रेम केला, मोगऱ्याचा हार घातला, पुढे समई लावली.

शुक्रवारी अझैबा भागातल्या हॉलवर बाई आल्या. मागे पुस्तकांची पिशवी घेतलेला एक उंच, टकला म्हातारा होता. ड्रायव्हर, हे भगवानने तात्काळ ओळखलं आणि त्याला शेवटच्या रांगेत समोशांच्या बशीसकट बसवलं. म्हातारा हार घातलेल्या फोटोकडे बघून हरखला होता. "माझा तिथे उभा राहून एक फोटो काढाल?" त्याने विचारलं.

"कार्यक्रमानंतर, इन्शाल्ला," भगवान म्हणाला.

परिचय इंग्रजीत होता आणि पहिली सात मिनिटं झकास गेली. मग आवाज खाली आणून भगवान म्हणाला, "बाईंचे दिवंगत पती क्लाइडसाहेब यांच्या स्मृतीस दोन मिनिटं स्तब्ध उभं राहू या."

सव्वाशे माणसं उठली. शेवटच्या रांगेतला म्हाताराही उठला आणि सगळ्यांत जास्त मान त्यानेच खाली घातली. बाईंनी तोंडावर रुमाल दाबला. खांदे गदगदू लागले. हॉल हळहळला.

तेवढ्यात प्रणाली चवड्यांवर स्टेजजवळ आली. "पप्पा, फोटोवाले अंकल... मागे उभे आहेत."

भगवानने फोटोतले कान पाहिले. मग मागचे कान पाहिले. केस गेले होते, दाढी गेली होती. पण सुपाएवढे ते कान जागच्या जागी होते. इतरांचं माहीत नाही, पण उरलेलं सव्वा मिनिट भगवान खराखुरा शोकाकुल उभा होता.

"माफ करा," तो कसाबसा माइकमध्ये म्हणाला. "क्लाइडसाहेब आपल्यात आहेत. म्हणजे... समोसा खातायत."

सव्वाशे माना मागे वळल्या. एकनाथरावांनी डोळे मिटून घेतले. बाईंनी माइक हातात घेतला तेव्हा कळलं, त्या मघापासून हसत होत्या. आता मात्र त्यांनी रुमाल घडी करून बाजूला ठेवला.

"चूक ह्या गृहस्थांची नाही. मी लिहिलंच तसं. क्लाइड खरंच जाईल तेव्हा मला एक शब्द सुचणार नाही, हे मला ठाऊक आहे. म्हणून तो शेजारच्या खोलीत घोरत असताना लिहून ठेवलं."

माधवीने डोळ्यांना पदर लावला. हॉलमध्ये पुन्हा स्तब्धता पसरली, आणि ती कुणी जाहीर केलेली नव्हती.

"एडना," मागून क्लाइडसाहेबांचा आवाज आला. बशी त्यांच्या हातातच राहिली होती. "बावीस वर्षं मला वाटत होतं, ते पुस्तक आपल्या कुत्र्यावर आहे."

बाई स्टेजवरून उतरल्या, थेट शेवटच्या रांगेत गेल्या आणि त्यांच्या शेजारी बसल्या. तिथूनच, माइकशिवाय, त्यांनी पाचवं पुस्तक वाचलं. वाचत होत्या त्या एकट्या क्लाइडसाहेबांना. ऐकत होता सगळा हॉल.

पुस्तक मिटलं तेव्हा भगवान सवयीने एक रिकामी खुर्ची उचलून निघाला होता. एकनाथरावांनी ती त्याच्या हातातून काढून घेतली.

"आभारप्रदर्शन तुम्हीच करा, सोनवणे," ते नाक पुसत म्हणाले. "फक्त आता आणखी कुणाला मारू नका."