भाऊसाहेबांची स्थळपाहणी

आमचे शेजारी भोये भाऊसाहेब सकाळी उठले की तोंड धुण्याआधी गाडीचं बॉनेट उघडतात. त्या वेळी दारात कोणीही येवो, पोस्टमन येवो की ठाण्याहून मुलगा येवो, त्याला अंगणात उभं राहावं लागतं. बॉनेटखालून फक्त आवाज येतो, "थांबा, स्थळपाहणी चालू आहे."

गाडी जुनी आहे. चार दारं, मागे डिकी. एके काळी जव्हारमध्ये नवरदेवासाठी लोक अशीच गाडी मागून न्यायचे. रंग मूळचा पांढरा, आता भिजवलेल्या साबुदाण्यासारखा झाला आहे. कंपनीने ही गाडी बनवायचं कधीच बंद केलं. गेली अकरा वर्षं ती अंगणाबाहेर गेलेली नाही. तरीही रोज तिचं तेल बघितलं जातं, पाणी बघितलं जातं, बेल्ट अंगठ्याने दाबून बघितला जातो आणि इंजिन दहा मिनिटं चालू ठेवून बंद केलं जातं.

सगळी आळी या प्रकाराला हसते. मीही हसत आलो. मी जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेला मास्तर, भाऊसाहेबांच्या भिंतीला भिंत लावून तीस वर्षं राहतो. पण मला हसण्याचा अधिकार नव्हता. ही गाडी अकरा वर्षं जागेवर का उभी आहे ते भाऊसाहेबांना ठाऊक होतं त्याहून मला जास्त ठाऊक होतं. ते सांगायचं राहिलं होतं, म्हणून हे लिहितो आहे. पण आधी माणूस कसा आहे ते सांगतो.

भाऊसाहेब ग्रामसेवक होते. नोकरीतली तीस वर्षं मोखाड्याच्या पाड्यांमध्ये गेली. निवृत्त झाल्यावर दफ्तर सुटलं, त्याची सवय सुटली नाही. मग त्यांनी इंजिनातच एक तालुका वसवला. रेडिएटर म्हणजे तहसीलदार. "यांचं डोकं थंड, तर तालुका थंड." बॅटरी म्हणजे सरपंच, कारण काही काम न करता घरी बसली तरी उतरते. फॅनबेल्ट म्हणजे शिपाई. "सगळं ऑफिस याच्यावर फिरतं, गुरुजी, आणि याच्याकडे कोणी बघत नाही. तुटला की मग आठवण." हॉर्नला ते सभापती म्हणतात, कारण आवाज मोठा आणि गाडी पुढे नेण्यात वाटा काही नाही. तेल मोजायच्या पट्टीला ऑडिट म्हणतात. ऑडिट काढायचं, पुसायचं, परत घालायचं, परत काढायचं, मग उजेडात धरून डोळे बारीक करायचे. "अर्ध्याच्या वर आहे. आक्षेप नाही."

बॅटरीच्या टोकांवर पांढरी भुकटी जमली की "सरपंच बुरसटले" म्हणून गरम पाण्याची किटली घेऊन येतात. पावसाळ्यात उंदीर आत शिरून वायरी कुरतडतात, म्हणून कोपऱ्यात तंबाखूच्या पुड्या ठेवतात. त्याला "अतिक्रमण हटाव" म्हणतात. लांब स्क्रूड्रायव्हरचं टोक चालू इंजिनाला टेकवायचं आणि मुठीला कान लावायचा, ही त्यांची शेवटची तपासणी. त्या वेळी चेहरा असा होतो की पलीकडून कोणी फोनवर बोलतंय असं वाटावं. स्टँडजवळचा गॅरेजवाला एकदा म्हणाला होता, "भाऊसाहेब, इंजिनाला पण कधी तरी एकटं राहू द्या." त्यावर ते म्हणाले, "एकटं राहून काय होतं ते तुला माहीत नाही."

मागे एकदा शिरपामाळ बघायला आलेलं मुंबईचं कुटुंब रस्ता विचारायला आमच्या दारात थांबलं. नवी कोरी गाडी. भाऊसाहेबांनी रस्ता सांगितला आणि म्हणाले, "बॉनेट उघडा बघू." बिचाऱ्याने उघडलं. आत सगळ्या इंजिनावर काळं प्लॅस्टिकचं झाकण.

"दफ्तर झाकून ठेवलंय," भाऊसाहेब म्हणाले. "आत काय चाललंय ते तुम्हाला दिसतं का?"

"काका, सर्व्हिस सेंटरवाले बघतात."

"ते बघतात. तुम्ही बघता का?"

त्या माणसाने बायकोकडे बघितलं.

"पुढे घाट आहे. पाणी घेतलंय का?"

त्याने सीटवरच्या चार सीलबंद बाटल्या दाखवल्या.

"ते तुमचं. गाडीचं?"

शेवटी भाऊसाहेबांनी घरातून पाण्याची कॅन आणून त्याच्या डिकीत ठेवली, तेव्हा कुठे त्यांची सुटका झाली. जाताना गाडीतली बाई तोंडावर हात ठेवून हसत होती. आमच्या ओट्यावर बसलेलेही हसले. मी पाणी प्यायच्या निमित्ताने आत गेलो.

आणखी एक गोष्ट आळीने बघितली आहे, पण तिच्यावर कोणी विनोद केला नाही. भाऊसाहेब इंजिन ज्या फडक्यांनी पुसतात ती एका निळ्या सुती साडीची आहेत. त्यांच्या पत्नी सुमनवहिनी जुनी साडी फाडून, चौकोन करून, कडा दुमडून त्यांना फडकी शिवून द्यायच्या. त्यांनी शिवलेली शेवटची सात उरली आहेत. भाऊसाहेब ती रोज साबणाने धुतात आणि चिमटे लावून वाळत घालतात.

आता अकरा वर्षांपूर्वीचं सांगतो.

मे महिना होता. मोखाड्याच्या पुढच्या एका शाळेत माझ्या जुन्या सहकाऱ्याचा निरोप समारंभ होता. मी भाऊसाहेबांकडे गाडी मागितली. त्यांनी किल्ली देताना नेहमीची सूचना दिली. रेडिएटरच्या खालचा पाइप थोडा झिरपतो, काटा वर चढला की थांबायचं, इंजिन निवू द्यायचं आणि मग डिकीतल्या डब्यातलं पाणी घालायचं. पाच लिटरचा पत्र्याचा डबा. तो डिकीत कायम भरलेला असायचा.

समारंभ आटोपून परत येताना एका पाड्याच्या विहिरीजवळ थांबलो. विहीर कोरडी होती. टँकर येणार म्हणून बायका हंडे रांगेत ठेवून सावलीला बसल्या होत्या. एक म्हातारी उठून आली.

"बाबा, घोटभर पानी हाय का रं? सकाळपासून बसलूं."

माझी बाटली संपलेली होती. मी डिकी उघडली आणि डबा काढला. म्हातारी ओंजळीने प्यायली, तिची सून प्यायली. उरलेलं मी तिच्या कळशीत ओतलं. म्हातारी म्हणाली, "तुझा चांगला होईल." मला स्वतःबद्दल फार बरं वाटलं. निघताना मनात आलं, आता गाडीसाठी पाणी कुठून घ्यायचं? तिथे पाण्यासाठी ताटकळलेल्या बायकांकडे गाडीला पाजायला पाणी मागायचं माझ्या जिभेवर येईना. दमाने चालवत आणली. काटा लालच्या अलीकडे राहिला.

संध्याकाळी घरी पोचलो तेव्हा भाऊसाहेब बाजारात गेले होते. किल्ली वहिनींच्या हातात दिली. त्या म्हणाल्या, "गाडीने त्रास नाही ना दिला, गुरुजी?" मी म्हणालो, "अजिबात नाही." डबा रिकामा आहे हे तिथेच सांगायचं होतं. पण त्या दिवशी दमलो होतो, आणि वाटलं, सकाळी त्यांची पाहणी सुरू झाली की सांगू.

सकाळी पाहणी झालीच नाही. आठच्या सुमारास वहिनींच्या छातीत कळ आली. मी तेव्हा देवळात गेलो होतो. इथल्या डॉक्टरांनी नाशिकला न्यायला सांगितलं. ॲम्ब्युलन्स दुसऱ्या पेशंटला घेऊन गेलेली. भाऊसाहेबांनी वहिनींना मागच्या सीटवर निजवलं आणि निघाले. मोखाड्याच्या पुढच्या घाटात गाडी उकळली. त्यांनी डिकी उघडली, डबा काढला. डबा रिकामा. घाटात पाणी नव्हतं, आणि बराच वेळ दुसरं वाहनही आलं नाही. शेवटी एक जीप आली. नाशिकच्या डॉक्टरांनी तपासून मान हलवली.

दहाव्या दिवशी भाऊसाहेब माझ्याकडे आले. ओट्यावर बसले नाहीत. उभ्यानेच विचारलं, "गुरुजी, डब्यातलं पाणी तुम्ही वापरलं होतं का?"

मी म्हणालो, "नाही."

का म्हणालो ते अजून मला नीट सांगता येत नाही. घरात चार माणसं बसली होती. भीती वाटली. तो एक शब्द तोंडातून गेला आणि मग परत घेता आला नाही. भाऊसाहेबांनी मान हलवली आणि गेले.

तेराव्याला साखरशेतहून वहिनींचे भाऊ लक्ष्मणराव आले होते. भरल्या पंगतीसमोर भाऊसाहेब म्हणाले, "डबा भरायला मी विसरलो. चूक माझी." लक्ष्मणराव ताटावरून उठले. पुन्हा त्या घरी आले नाहीत. त्या दिवसापासून रोजची पाहणी तासभर चालू लागली. आळीला वाटलं, माणसाला गाडीचं वेड लागलं. मी ओट्यावर बसून ते वेड बघत राहिलो.

यंदा भाऊसाहेबांचे हात थरथरायला लागले. रेडिएटरचं झाकण दाबून फिरवावं लागतं, ते त्यांना जमेना. मग ते मला हाक मारू लागले, "गुरुजी, जरा तहसीलदारांची टोपी काढा." दोन महिने रोज सकाळी मी जाऊन ते झाकण काढलं. रोज ते आत वाकून पाणी बघायचे आणि म्हणायचे, "एवढंच बघायचं होतं त्या दिवशी." मला दुसरं काही सांगायचे नाहीत, तेवढंच.

दिवाळीच्या आधीच्या एका सकाळी मी झाकण हातात धरून म्हणालो, "भाऊसाहेब, डबा मी रिकामा केला होता."

इंजिन अजून सुरू केलेलं नव्हतं, त्यामुळे ऐकू आलं नाही असं म्हणायची सोय त्यांना नव्हती. मी सगळं सांगितलं. विहीर, म्हातारी, कळशी, वहिनींच्या हातात दिलेली किल्ली, आणि ते "नाही". ते ओरडतील असं वाटलं होतं. मला ते हवंही होतं.

त्यांनी विचारलं, "डबा भरलेला होता?"

"हो."

"किती?"

"गळ्यापर्यंत. झाकण उघडताना माझ्या पायावर सांडलं."

"नीट आठवा, गुरुजी."

"नीट आठवतंय."

ते पायरीवर बसले. निळं फडकं मांडीवर ठेवलं.

"डबा ती भरायची," ते म्हणाले. "नळ आला की आधी डबा, मग घरातलं पिंप. मी कधी भरला नाही. घाटात डबा काढला तर हलका. ती म्हणाली, मी भरला होता हो. दोनदा म्हणाली. मी म्हटलं, अगं, मीच काल तुळशीला ओतला, तुझं काही चुकलेलं नाही. ती म्हणाली, तुम्ही कशाला ओताल? मग बोलली नाही."

मी हातातलं झाकण पायरीवर ठेवलं.

"म्हणून तुम्हाला विचारायला आलो होतो. तुम्ही नाही म्हणालात. मग मी धरून चाललो की दुखण्यात ती विसरली असेल. लोकांनी तिला नावं ठेवू नयेत म्हणून माझं सांगितलं." त्यांनी मांडीवरच्या फडक्याची घडी घातली. "अकरा वर्षं, गुरुजी. मी तिच्यावर विश्वास ठेवला नाही."

मी क्षमा मागितली. त्यांनी ऐकली की नाही, कळलं नाही. आत जाऊन सदरा घालून आले आणि म्हणाले, "चला. साखरशेतला जायचं."

वडाप जीपने गेलो. वाटेत मी मनाशी वाक्यं जुळवत होतो. मला वाटत होतं, इतक्या वर्षांचा ठपका त्यांना मेव्हण्यासमोर माझ्या तोंडून पुसून घ्यायचा आहे, आणि ते रास्तच होतं.

लक्ष्मणराव खळ्यात भाताचे भारे रचत होते. आम्हाला बघून थांबले. या म्हणाले नाहीत, जा म्हणाले नाहीत. त्यांचेही केस पिकले होते.

मी हात जोडले. "लक्ष्मणराव, मी यांचा शेजारी. तुमच्या मेव्हण्यांची काही चूक नव्हती. चूक माझी होती. त्या दिवशी मी..."

भाऊसाहेबांनी माझ्या दंडावर हात ठेवला.

"तुमचं-माझं मागाहून सांगा, गुरुजी," ते म्हणाले. "तिने डबा भरला होता, ते आधी सांगा."