डोमाजींचं जहाज

गोंदियाहून कोणत्याही दिशेने निघालं तरी समुद्र गाठायला आगगाडीने एक दिवस आणि एक रात्र लागते. डोमाजी पटले यांनी तो कधी पाहिला नव्हता. त्यांचा जन्म इथला, किराण्याचं दुकान स्टेशनासमोरचं, आणि सगळ्यात लांबचा प्रवास नागपूरपर्यंतचा. तरीही रोज दुपारी नागपूरची गाडी येऊन गेली की ते माझ्या खोलीच्या दाराशी येत, चपला बाहेर काढत आणि विचारत, "पेपरबाबू, जहाज कुठी पोचलं?"

मी तेव्हा नागपूरच्या एका वर्तमानपत्राला गोंदियाचे बाजारभाव पाठवत असे. धान, तांदूळ, जवस, लाख, तेंदूपत्ता. माझ्याकडे मुंबईचं एक इंग्रजी पत्रही दोन दिवस उशिरा येई. त्याच्या आतल्या पानावर बंदरात आलेल्या आणि येऊ घातलेल्या जहाजांची यादी असे. गोंदियात ती यादी वाचून घेणारा माणूस एकच होता. त्याचं शिक्षण मराठी चौथीपर्यंत झालं होतं, आणि त्याला त्या जहाजांतून फक्त एक वस्तू हवी होती. विलायती डब्याचं घट्ट दूध.

हे दूध गावात फारसं कोणी पीत नव्हतं. रेल्वेचे दोन-चार गोरे साहेब, त्यांच्या मडमा, आणि डॉक्टरने लिहून दिलं तर एखादं घर. डोमाजींच्या दुकानातही मीठ, गूळ, रॉकेल, काड्यापेटी यांचाच खप. पण बोलणं मात्र सदैव डब्याचं. डबा अकरा आण्यांवरून तेरा आण्यांवर गेला की ते कारण शोधत. कारण त्यांना नेहमी सापडत असे, आणि ते नेहमी लांबचं असे. एकदा आमच्याकडे रोहिणी आणि मृग दोन्ही कोरडे गेले. सगळा बाजार आभाळाकडे पाहत होता. डोमाजी मला विचारत होते, ऑस्ट्रेलियात पाऊस कसा आहे.

"डोमाजी, पाऊस इथं पडला नाही," मी म्हटलं.

"इथला पाऊस धानाचा. तिथला दुधाचा. तिथलं गवत वाळलं तर तुमचा पेपर काय लिहीन?"

माझ्या पेपरने काहीच लिहिलं नाही. दोन महिन्यांनी डबा पंधरा आण्यांवर गेला. डोमाजींनी ते मला मुद्दाम येऊन सांगितलं आणि पुढे वर्षभर माझ्या बाजारभावांकडे थोड्या दयेने पाहिलं.

नवी पेटी आली की मला दुकानावर बोलावणं येई. पेटीत अठ्ठेचाळीस डबे असत. डोमाजी एकेक डबा माझ्या हातात देत आणि म्हणत, "वाचा." मी वरचा इंग्रजी कागद वाचायचा. कारखान्याचं नाव, देश, साखर, वजन, शेवटची बारीक ओळसुद्धा. मग मराठीत सांगायचं. मग पुढचा डबा.

"सगळे सारखेच आहेत हो," मी पहिल्या वेळी म्हणालो.

"पेटी एक हाय. डबे अठ्ठेचाळीस हाय."

या कामाचा मोबदला म्हणून मला सुपारीची पुडी मिळे. मी सुपारी खात नसे. पुड्या साठत गेल्या.

डबा विकत घेणं मात्र सोपं नव्हतं. स्टेशनबाहेर रामदीनचं चहाचं दुकान होतं. त्याचे आजोबा रेल्वेचा रूळ टाकायला उत्तरेकडून आले आणि इथेच राहिले. पहिल्या वर्गाच्या उतारूंना डब्याच्या दुधाचा चहा आवडतो, हे रामदीनला ठाऊक होतं. तो दर महिन्याला जास्त भाव घेऊन येई, आणि डोमाजी त्याला एकच वाक्य ऐकवत, "पिणारा दाखव."

"साहब पियेगा."

"साहेबाले दात हाय. जाय."

रामदीन जाताना सगळ्या बाजाराला ऐकू जाईल असं म्हणे, "क्यों डोमाजी, आज जहाज नहीं आया? वैनगंगा में फँस गया होगा." लोक हसत. डोमाजी तराजूची पारडी पुसत.

पिणारा दाखवायचा म्हणजे खरोखर दाखवायचा. ज्याला आईचं दूध नाही आणि गाईचं पचत नाही असं मूल दुकानावर आणायचं. डोमाजी त्याला हात लावत नसत. फळीवर बसूनच विचारत, "रडते कशी?" आणि मग मूल रडेपर्यंत थांबत. गिऱ्हाईकं खोळंबत. सडक अर्जुनीहून बैलगाडीने आलेल्या एका बापाने कंटाळून पोराला हळूच चिमटा काढला. पोराने टाहो फोडला. डोमाजींनी तो शेवटपर्यंत ऐकला, समाधानाने मान हलवली, दोन डबे खरेदीच्या भावाने दिले, आणि बापाच्या दंडाला तसाच चिमटा काढला.

मी या सगळ्याची नोंद गावातल्या इतर वल्लींसारखीच घेतली होती. एकटा माणूस, काहीतरी वेड हवंच. त्यांच्या दुकानात वरच्या फळीवर एक गंजलेला रिकामा डबा होता. त्यावर गाईचं फिकट चित्र होतं आणि आत उदबत्त्या ठेवलेल्या असत. मी त्यालाही वेडाचाच भाग समजत होतो.

मग युरोपात दुसरं महायुद्ध सुरू झालं. जर्मन फौजा हॉलंडमध्ये शिरल्याची बातमी आली त्या दिवशी माझ्या खोलीत पाच-सहा जण जमले होते. इंग्रज टिकेल का, जर्मन इथवर येईल का, तांदळाचा भाव काय होईल, असं चाललं होतं. डोमाजी दाराशी उभे राहून ऐकत होते. सगळ्यांचं बोलून झाल्यावर त्यांनी विचारलं, "तिथल्या गाई कोनाच्या झाल्या?"

बाकीचे पुन्हा तांदळाच्या भावाकडे वळले. पण तो प्रश्न बाकी सगळ्या प्रश्नांपेक्षा लवकर गोंदियाला पोचला. हॉलंडचा माल बंद, डेन्मार्कचा आधीच बंद. विलायत आपलं दूध आपल्यालाच ठेवणार. ऑस्ट्रेलियाचा माल फौजेकडे वळला. इंग्रजी पत्राने जहाजांची यादी छापणं थांबवलं, कारण ती शत्रूच्या कामी आली असती. डोमाजींना हे पटलं नाही.

"मी का जर्मन हाय?"

तरी ते रोज येत राहिले. "जहाज कुठी पोचलं?" "छापलं नाही, डोमाजी." "बरं." आणि चपला घालून परत.

त्या हिवाळ्यात एका सकाळी रामदीन त्यांच्या दुकानावर आला. मी तिथेच होतो. वैनगंगेचं नाव न घेता तो उभा राहिला. त्याच्या हातात जुन्या शालीत गुंडाळलेलं दोन महिन्यांचं मूल होतं. त्याची मुलगी बाळंतपणाला आली होती, तिला ताप धरला होता, दूध आटलं होतं. गाईचं, शेळीचं, पाणी घातलेलं, सगळं देऊन झालं होतं. नातीच्या पोटात काही टिकत नव्हतं. डॉक्टरने डब्याचं सांगितलं होतं.

डोमाजी सवयीने म्हणाले, "पिणारा दाखव."

रामदीनने शालीचं टोक बाजूला केलं. मूल रडलं. आवाज इतका बारीक होता की रस्त्यावरून टांगा गेला तेव्हा रडणं ऐकूच आलं नाही. डोमाजींनी या वेळी जास्त वेळ घेतला नाही. दोन डबे पुढे ठेवले आणि पाणी उकळून घे, चमचे मोजून घाल, असं सांगू लागले.

"चायवाला हूँ," रामदीन म्हणाला. "पानी उबालना मत सिखा."

"मग नीट उकळ. चहावानी नको."

दुकानात त्यानंतर नऊ डबे उरले होते. चार दिवसांना एक डबा, म्हणजे महिना-सव्वा महिना. पोरीच्या उष्टावणाला चार महिने होते. हा हिशेब डोमाजींनी माझ्यासमोर बोटांवर दोनदा केला. दोन्ही वेळा तो जुळला नाही. मुंबईच्या व्यापाऱ्याकडे पेटी मागवलेली होती. त्याचं उत्तर नव्हतं. मी दोन तारा केल्या. दर दुपारी डोमाजी आधी रामदीनकडे जात, मग माझ्याकडे. रामदीनला एक प्रश्न, मला एक. "रडते कशी?" आणि "जहाज कुठी पोचलं?"

शेवटचे दोन डबे राहिले असताना पेटीची बिल्टी, म्हणजे रेल्वेची पावती, आली. डोमाजींनी पेटी मालधक्क्यावरून स्वतःच्या डोक्यावर आणली. हमालाला हात लावू दिला नाही. रामदीन न सांगता तीन पेले चहा घेऊन आला. आम्ही तिघे फळीवर बसलो. डबे नवे कोरे होते, वर गाय, गाईच्या मागे डोंगर. भावही पूर्वीपेक्षा कमी लावलेला होता, याचं मला तेव्हा नवल वाटलं नाही.

"वाचा," डोमाजी म्हणाले.

मी वाचलं. नाव, देश, साखर, वजन. तळाशी एक बारीक ओळ होती. मी ती वाचली आणि थांबलो.

"मराठीत सांगा."

"साय काढून घेतलेलं दूध. तान्ह्या मुलांना देऊ नये."

डोमाजींनी तो डबा बाजूला ठेवला आणि दुसरा माझ्या हातात दिला. मग तिसरा. त्यांनी मला अठ्ठेचाळीसही डबे वाचायला लावले. अठ्ठेचाळीसही डब्यांवर तीच ओळ होती. चहा निवून गेला.

मग ते उठले, वरच्या फळीवरचा गंजका डबा काढला, उदबत्त्या बाहेर ठेवल्या आणि डबा माझ्यासमोर धरला. "आता हा वाचा."

कागद अर्धा झडला होता. पण ओळ शिल्लक होती. शब्द थोडे वेगळे, अर्थ तोच.

"तवाच्या लढाईतला," डोमाजी म्हणाले. म्हणजे पहिल्या महायुद्धातला. "बायकोले दूध नव्हतं. चांगला डबा भेटे नाही, हा भेटला. एकवीस दिवस पाजला. पोरगी पोटभर पिये. मंग तिचं रडनं बारीक झालं. आमाले वाटलं, पोरगी शहाणी झाली."

रामदीनने मूल घट्ट धरावं तसा निवलेला पेला धरला होता.

"वर्षानं एक गार्डसाहेब काड्यापेटी घ्याले आला. त्यानं वाचून दाखवलं. बायको तवा जिती नव्हती, बरं झालं."

त्यांनी उदबत्त्या परत डब्यात ठेवल्या. मग मला म्हणाले, "पेपरबाबू, ते ओळ एका कागदावर काढून द्या. मोठी. जशी हाय तशी."

मला वाटलं, व्यापाऱ्याला पाठवायची असेल. मी दोन्ही डब्यांवरच्या दोन्ही ओळी ठसठशीत काढून दिल्या. डोमाजींनी कागदाची घडी टोपीत ठेवली, दुकानाची किल्ली रामदीनच्या हातात दिली आणि संध्याकाळच्या गाडीने मुंबईला गेले.

आठ दिवस दुकान रामदीनने चालवलं. त्याने मीठ गुळाच्या भावात विकलं आणि गूळ मिठाच्या, त्यामुळे गिऱ्हाईक एकंदरीत खूश होतं. चहाच्या दुकानावर त्याची मुलगी पांघरूण घेऊन बसू लागली होती. तिचा ताप उतरला होता, दूध परत आलं नव्हतं. सहाव्या दिवशी शेवटचा डबा उघडला. त्या दिवसापासून रामदीन स्वतः माझ्या दाराशी येऊ लागला.

"बाबूजी, जहाज की कुछ खबर?"

तो हसत नव्हता, मीही हसलो नाही.

नवव्या दिवशी सकाळी डोमाजी तिसऱ्या वर्गाच्या डब्यातून उतरले. पाठीवर पोतं, डोळे लाल, धोतराला काळे डाग. पोत्यात एकतीस डबे होते, पाच वेगवेगळ्या कारखान्यांचे. बंदराजवळच्या बाजारात ते दुकान दुकान फिरले होते. कुठे एक डबा, कुठे दोन. प्रत्येक ठिकाणी टोपीतून कागद काढायचा आणि डब्यावरच्या अक्षरांशी एकेक अक्षर लावून पाहायचं. इंग्रजी त्यांना अजूनही येत नव्हती. ती दोन वाक्यं मात्र चेहऱ्यासारखी ओळखू येत होती. दोन दुकानदारांनी त्यांना चोर समजून हाकललं. एकाने बसायला दिलं.

मी एकतीस डबे वाचले. ती ओळ एकावरही नव्हती.

"समुद्र पाहिला का?" मी विचारलं.

"वास आला. जायले टाइम नव्हता."

साय काढलेल्या दुधाचे अठ्ठेचाळीस डबे त्यांनी रामदीनच्या दुकानात नेऊन ठेवले. "चहाले घे," म्हणाले. त्यानंतर पहिल्या वर्गाचे उतारू गोंदियाच्या चहाचं नाव काढू लागले.

फाल्गुनात एका दुपारी डोमाजी नेहमीप्रमाणे आले. चपला बाहेर काढल्या, दाराशी उभे राहिले. मी पत्र उघडून तयार होतो. तेवढ्यात स्टेशनबाहेर मूल रडायला लागलं. नागपूरची गाडी उभी होती, इंजिन वाफ सोडत होतं, हमाल ओरडत होते, आणि या सगळ्यातून तो आवाज सरळ माझ्या खोलीपर्यंत येत होता. कोणी उतारू वैतागून म्हणाला, "अरे, चुप कराओ इसे." रामदीनचा आवाज आला, "रोने दो, साहब."

डोमाजी दाराच्या चौकटीला टेकून ऐकत राहिले. गाडी सुटली तरी ते हलले नाहीत. पोरगी दमून गप्प झाली तेव्हा त्यांनी चपला घातल्या आणि काही न विचारता निघून गेले.