पाठमोरा डाकू

उस्मानभाई टांगेवाल्यांना नवा माणूस भेटला की ते सलाम करत नसत, पाठ करून उभे राहत. "बगा नीट. वळखीची वाटतीया का?"

मी तेव्हा लोणावळा स्टेशनात तिकिटं द्यायला नवा होतो. मी गांगरलो. मग हमालाने खुलासा केला. पूर्वी मुंबईची एक फिल्म कंपनी इथल्या डोंगरात डाकूचं मुकं चित्र काढायला आली होती. डाकू झालेला नट घोड्याला घाबरला. म्हणून बाईला घोड्यावर आडवी टाकून पळवण्याचा तुकडा उस्मानभाईंनी केला, तोही पाठमोरा.

ते चित्र दर उन्हाळ्यात तंबूत लागायचं. तो तुकडा आला की उस्मानभाई पुढच्या रांगेत उठून सांगत, "ही पाठ माजी. पाठीकडं बगा." त्यांच्या खऱ्या पाठीमुळे पडद्यावरची दिसेनाशी होई आणि मागचे लोक शिव्या घालत. मीही घातल्यात.

पुढे बोलपट आले. मुकी चित्रं कोण बघणार? उस्मानभाई तंबूवाल्याकडे खेटे घालू लागले, एकदाच लाव म्हणून. शेवटी त्याने सांगून टाकलं की रीळ खराब झालं, फेकून दिलं.

त्या दिवशी मी तंबूबाहेर त्यांच्या टांग्यात बसलो होतो. ते येऊन पुढे बसले, रीळ फेकल्याचं सांगितलं. मी म्हणालो, "जाऊ द्या हो, तुमची पाठ सगळ्या गावाने पाहिलीय."

"काय जाळायचीय ती पाठ, भाऊसाहेब? ती बाई आमची हमीदा व्हती."

त्यांची बायको वारली होती, एवढंच मला ठाऊक होतं. नटीही घोड्यावर बसेना, तेव्हा त्यांनी कुसगावहून बायकोला आणलं. नटीचं लुगडं नेसवून तिला पालथी टाकली. "मी पळवून नेतोय आन् ही हसतीया. तोंड खाली व्हतं म्हनून निभावलं."

बिरादरीत बोभाटा नको म्हणून दोघं गप्प राहिले. वर्षभरात ती तापाने गेली. फोटो कधी काढलाच नव्हता. पडद्यावर घोड्याच्या अंगाला लोंबणारा हात, तेवढीच ती उरली होती.

"लोकांची नजर तिच्याकडं जाया नगं म्हनून पाठ पाठ करायचो. तुमाला हात आठवतो का, भाऊसाहेब? बांगड्या काळ्या दिसायच्या. हिरव्या व्हत्या."

मला आठवेना. तसं सांगताना फार वाईट वाटलं. त्यांनी मान हलवली आणि टांगा हाकला.

अजून कधीतरी मी डोळे मिटून तो तुकडा आठवायला बसतो. घोडा येतो, धूळ येते. हात येत नाही.