हैबतराव महाराजांनी मुंग्यांवर पुदिन्याचा तट बांधिला त्याची बखर

श्री. ज्या देवाने उंदीर वाहन करोन घेतला आणि लहान म्हणोन त्यास हिणविले नाही, त्या देवास आरंभी नमस्कार, आणि मग वाचणारांस नमस्कार. शके सत्राशे चार, शुभकृत नाम संवत्सरे, मार्गशीर्षमासी वर्तमान जाहले ते जैसे ऐकिले तैसे लिहिले आहे. अधिक उणे असेल ते सुज्ञांनी सांभाळोन घ्यावे. राज्याचे नाव लिहीत नाही, कारण त्या घराण्याचे वंशज अद्याप आहेत आणि ते भले लोक आहेत.

त्या राज्यी हैबतराव महाराज राज्य करीत होते. महाराज शूर. पिसाळलेल्या हत्तीसमोर एकटे उभे राहिले आणि हत्ती लाजोन मागे फिरला, आणि तोफेचा गोळा शेजारचे घोड्यास लागला तरी हातातील विडा खाली पडो दिला नाही, ऐसा लौकिक. परंतु मुंगी दिसली की महाराजांचे अंगास कापरे भरे आणि महाराज जे उंच आसन जवळ असेल त्यावर चढत. याचे कारण ऐसे की बाळपणी आमराईत निजले असता ओंबिलीचे घरटे, म्हणजे झाडावरील तांबड्या मुंग्या पाने जोडोन घर करितात ते, फांदीवरोन सुटोन अंगरख्यात पडले, आणि अंगरख्याचे बंद गाठीचे होते, आणि गाठ सुटता सुटेना. पुढे अंगावरील गांधी गेल्या, भय गेले नाही. मग राज्यास राजाचे भयाप्रमाणे वळण लागले. सिंहासनाचे चारी पाय पाण्याचे परातीत ठेविले, आणि दरबारी मंडळी मुजरा करिताना परातीत पाय न पडेल ऐसा करो लागली, आणि लढाई जिंकली की इतर राज्यांत हत्तीवरोन साखर वाटितात तेथे या राज्यात हत्तीवरोन फुटाणे वाटो लागले. एकदा भाच्याचे मुंजीत महाराज पंगतीस बसले असता पाटाखालून मुंगी निघाली आणि महाराज पाटावर उभे राहिले. मग राजा उभा म्हणोन सारी पंगत उभी राहिली, आणि सर्वांनी पत्रावळी हाती धरोन उभ्याने जेवण केले, आणि त्या गावी उभ्याने जेवणे हा मानाचा प्रकार समजला जातो तो तेव्हापासोन.

महाराजांस एकच कन्या, सगुणाबाई. तिची सोयरीक शेजारचे राज्याचे शिदोजीराव यांचे पुत्राशी ठरली, लग्न फाल्गुनात नेमिले. शिदोजीराव करारी गृहस्थ. व्याह्याचे तोंडाकडे न पाहता वागणुकीकडे पाहात. लग्नात कन्यादान पित्याने करावयाचे, आणि ते भुईवर पाटावर बसोन, वराचे ओंजळीवर कन्येची ओंजळ आणि तिजवर आपली ओंजळ धरोन, वरोन राणीसाहेबांनी पाण्याची धार धरावी तोवर हात हलो न देता. मध्येच पिता उठला आणि ओंजळ सुटली तर पाणी भुईवर जाते, आणि कन्या धड दिलीही नाही आणि राखिलीही नाही ऐसी होते. महाराजांस हे आठवोन अन्न गोड लागेना.

मग एके दिवशी महाराजांनी कन्येस बोलाविले आणि म्हणाले, "सगुणे, तुझे काका कन्यादानास बसतील. ते शांत आहेत. त्यांचे नाकावर गांधीलमाशी बसली होती तरी त्यांस जाग आली नव्हती."

सगुणाबाई म्हणाली, "काकासाहेब मज आवडतात. परंतु मी त्यांची नव्हे. देणार तर आबासाहेब, तुम्हीच द्या, नाही तर देऊ नका."

"आणि मी उठलो तर?"

"तर मीही उठेन. दोघे उभी राहू. आपले राज्यात उभ्याने पुष्कळ होते."

महाराज हसले, आणि कारभारी नरसोपंत यांस खलबतास बोलाविले.

नरसोपंत जुने, जपोन बोलणारे. ते म्हणाले, "स्वामी, मुंगी डोळ्याने चालत नाही, वासाने चालते. पुढली वास ठेविते, मागली तो हुंगीत येते. उग्र वासाचे झाड मध्ये आले की तिची वाट पुसली जाते. आमचे घरी गुळाचे मडक्याभोवती वेखंडाची पूड टाकितात; मुंगी येते, थबकते, आणि परत जाते."

महाराज म्हणाले, "गुळास जे सुख आहे ते राजास का नसावे?" आणि तत्काळ आज्ञा जाहली.

मग पुदिन्याची मोहीम सुरू जाहली. गावोगावी ताकिदी गेल्या आणि पुदिन्याच्या मुळ्या बैलांवर लादोन येऊ लागल्या. राजवाड्याभोवती आघाडीस पुदिना, त्याचे पाठीशी झेंडू, उजवे फळीस दवणा, डावे फळीस गवती चहा, आणि पिछाडीस भिंतीचे पायाशी वेखंडाचे पुडीची रेघ, ऐसी रचना केली. महाराज खासा घोड्यावर बसोन तट पाहात फिरत आणि पुदिना विरळ दिसेल तेथे अंमलदारास रागे भरत. पुदिन्याची चटणी करणे फितुरी ठरले. माघमासी दोन्हीकडून येणारा पुदिना एकमेकांस मिळाला, तट मुंगीपुरतीही फट न ठेविता बंद जाहला, आणि महाराजांनी तोफा सोडविल्या.

परंतु मोठी चूक जाहली, आणि ती किल्ले बांधणारांचीच जाहली. किल्लेकऱ्याची नजर सदा बाहेर. शत्रू दरवाज्याबाहेर असतो हे त्यास आईचे दुधाबरोबर मिळाले. मुंग्या तर वाड्याचे आतच होत्या. महाराजांच्या मातुश्री आऊसाहेब यांचा महाराज जन्मले तेव्हापासोन नेम, की पुत्रास आयुष्य लाभावे म्हणोन रोज प्रातःकाळी चौकातील वारुळास चिमूटभर साखर आणि पीठ घालावे. महाराजांनी तो चौक आयुष्यात पाहिला नव्हता, आणि आईचा नेम मोडवेना म्हणोन त्याचा विषयही काढिला नव्हता. काळ्या मुंग्या देवाच्या, त्या चावत नाहीत, म्हणोन आऊसाहेब काळीस घालीत, आणि तांबडी शेजारी बसोन खात असे. आजवर ती सेना साखर खाई आणि मग दाणापाण्यास वाड्याबाहेर शेतात जाई. आता बाहेर जाण्याची वाट पुदिन्याने पुसली. मग मुंग्या तटापर्यंत जात, थबकत, आणि परत येत. आणि परत येऊन कोठीत, देवघरात, मुदपाकात आणि महाराजांचे शेजघरात जाऊ लागल्या. जितका पुदिना वाढे तितक्या मुंग्या आत वाढत. महाराजांनी म्हटले, पुदिना कमी पडतो. आणि आणखी पुदिना लाविला.

शेवटी महाराज झोपाळ्यावर राहू लागले. दरबार झोपाळ्यावरोन, जेवण झोपाळ्यावरोन, आणि झोपाळ्याचे कड्यांस वेखंड. तेथे सगुणाबाई आली, आणि हसू दाबोन म्हणाली, "आबासाहेब, वेढा पक्का बसला आहे. किल्ल्यात कोण कोंडले आहे ते मात्र कोणी पाहिले नाही."

महाराज म्हणाले, "कोण आहे?"

"मुंग्या आहेत आणि तुम्ही आहा. त्यांस बाहेर जाता येत नाही आणि तुम्हांस खाली उतरता येत नाही."

आऊसाहेब तेथेच होत्या. त्या म्हणाल्या, "हैबत्या, मी तुजसाठीच त्यांस साखर घालिते रे. त्यांस काय ठाऊक तू राजा आहेस ते? ठाऊक असते तर मान राखोन चावल्या असत्या."

महाराज म्हणाले, "आऊसाहेब, आपण मजला आयुष्य मागिता आणि तेच मज खावयास येते."

"यांतली तुला अजून एकही चावली नाही. आमराईतल्या चावल्या त्या दुसऱ्या. त्यांस मी काही घातले नव्हते."

मग सगुणाबाईने सांगितले ते केले. लढाईचा नेम आहे की शत्रूस पळावयास एक वाट ठेवावी, नाही तर तो प्राणांवर उदार होऊन लढतो. त्याप्रमाणे पूर्वेस पुदिना उपटोन हातभर वाट मोकळी केली आणि झाडोन धुवोन तीवरचा वास घालविला, आणि आऊसाहेब त्या वाटेने बाहेर गेल्या आणि वडाखाली साखर घालो लागल्या. काही दिवस काही जाहले नाही. मग एके सकाळी मुंग्या तोंडात पांढरी अंडी धरोन रांगेने निघाल्या. चौकातून देवडीत, देवडीतून वाटेने वडाकडे, ऐसी फौज जात होती, आणि पहारेकरी भाले खाली करोन बाजूस उभे राहिले, आणि महाराज झोपाळ्यावरोन डोळे झाकोन विचारीत, "गेल्या काय?" आणि नरसोपंत म्हणत, "जात आहेत, स्वामी. शिस्तीने जात आहेत." सांजवेळी रांग संपली, आणि मग ती वाटही वेखंडाने बंद केली, आणि महाराज झोपाळ्यावरोन उतरले.

फाल्गुनात व्याही आले. मांडवाभोवती वेखंडाची रेघ काढिली, ती रांगोळीसारखी दिसली आणि वरपक्षाने तिची वाखाणणी केली. महाराज पाटावर बसले. राणीसाहेब झारी घेऊन उभ्या राहिल्या. वराची ओंजळ, तीवर सगुणाबाईची, तीवर महाराजांची. धार सुटली आणि मंत्र सुरू जाहले. त्या राज्यातील एकही मुंगी त्या मांडवात नव्हती, हे खरे. परंतु वराचे गळ्यात गुलाबाचा हार होता, आणि तो त्यांचे राज्यातून गुंफोन आणिला होता, आणि एका फुलात एक तांबडी मुंगी होती. ती परराज्यातून वराबरोबर मानाने आली. तीस कोण अडविणार? ती हारावरोन वराचे मनगटावर उतरली, तेथोन सगुणाबाईचे हातावर चढली. महाराजांनी तीस पाहिले. सगुणाबाईने महाराजांस पाहिले, आणि ओठ न हलविता म्हणाली, "आबा, माझे हातावर आहे ती. तुमचे नाही."

महाराजांचे कपाळी घाम आला आणि गुडघे पाटावरोन उचलो लागले. सगुणाबाईने ते ओळखिले आणि पाट सोडावयाचे तयारीने पाऊल सावरिले, आणि भटजींचा मंत्र अडखळला, आणि शिदोजीराव पुढे वाकोन पाहो लागले. मुंगी कन्येचे बोटांवरोन महाराजांचे अंगठ्यावर आली. तेथे ती थांबली, आणि मग चावली. महाराज हलले नाहीत. पाणी धरिले होते ते धरिलेच राहिले, आणि गुडघे परत पाटावर टेकले, आणि महाराजांचे दोन्ही डोळ्यांतून पाणी वाहोन मिशांवर आले. शिदोजीराव म्हणाले, "व्याही, हत्तीस न भिणारा पुरुष कन्येसाठी रडतो हे पाहोन आम्हांस संतोष जाहला." महाराज म्हणाले, "होय." सगुणाबाईचे हाताची बोटे महाराजांचे बोटांखाली घट्ट जाहली. मंत्र पुरे जाहले, ओंजळ सुटली, कन्या दिली गेली, आणि मुंगी कोठे गेली ते कोणी पाहिले नाही. ते अश्रू दंशाचे की वियोगाचे, याविषयी दोन्ही राज्यांत दोन मते आहेत. महाराजांस पुढे कोणी विचारिले नाही.

तात्पर्य इतकेच. दुसरे दिवशी मेणा गेला, आणि तिसऱ्या प्रहरी दिवाणखान्यात एक मुंगी दिसली, आणि महाराज मंचकावर चढोन उभे राहिले आणि ती जाईतो उतरले नाहीत. भय होते तैसेच राहिले, आणि पुढेही राहिले. परंतु कन्या दिली ती बसोन दिली.