वाळू नसल्याचा दाखला

सहाराच्या काठावरच्या त्या गावात नगरपालिकेच्या दप्तरी वाळूचा प्रश्न उभा राहिला, ही बाब गंभीरच म्हणायची. मशिदीपुढच्या चौकात लखदर गवंड्यानं दगडी फरशी अंथरून महिना उलटला होता. सांधे रिकामे, म्हणून दगड डुगडुगत होते. लखदरला घोर होता तो सासऱ्यांचा. हज करून आलेले ऐंशीचे हाज बेलगासिम दिवसातून पाच वेळा काठी टेकत तोच चौक ओलांडत.

गावाभोवतीच्या टेकड्यांची वाळू वाऱ्यानं घोळून गोल झालेली. ती सांध्यात धरत नाही. हवी ती कोरड्या ओढ्यातली, कंगोरेदार. गाढवगाडीनं तासाभरात आली असती. पण हद्दीबाहेरून वाळू आणायची तर गावात वाळू नसल्याचा दाखला लागे, आणि तो सी, म्हणजे श्रीयुत, मुराद कारकुनाच्या हाती होता.

वीस वर्षं सी मुरादच्या तोंडी एकच शब्द होता: 'माकाश', म्हणजे नाही. अर्ज माकाश, शिक्का माकाश, साहेब माकाश. त्यामुळे लखदर निर्धास्त गेला. पण तेच 'माकाश' सी मुरादकडे आज पहिल्यांदाच कुणी लेखी मागत होतं.

सी मुरादनं खिडकीबाहेर बोट दाखवलं. "मग ती काय, साखर आहे?"

"ती चालत नाही, सी मुराद. दाणा गोल आहे तिचा."

"अर्जात नुसतं 'वाळू' आहे. दाण्याचा रकाना माकाश."

रकाना वाढवायला समिती नेमली गेली. पाहणीसाठी तिनं चौकात खुर्च्या मांडल्या. त्या डुगडुगल्या, तेव्हा चहा आत घेतला. तेवढ्यात वारा सुटला आणि टेकड्यांनी तीन दिवसांत सगळे सांधे फुकटात भरून टाकले. समितीनं 'काम पूर्ण' असा शेरा मारला. लखदरनं हरकत घेतली, तर पूर्ण कामावर हरकतीची तरतूद माकाश.

शुक्रवारी हाज बेलगासिम पडले. खुबा मोडला. चौकशीत निष्पन्न झालं की, कुठला दगड हलतो हे सगळ्या गावाला पाठ असताना हाजनी नेमका त्यावरच पाय दिला.

"दगड तूच बसवलास ना रे?" खाटेवरून म्हातारा एवढंच म्हणाला.

आता गाव तो दगड टाळून चालतं आणि चौक छान झाला म्हणतं. हसा खुशाल. तुमच्याही दाराशी एक फरशी हलते, आणि तुम्ही वर्षानुवर्षं तिच्यावरून सफाईनं टांग टाकता. तक्रार केलीत कधी?

माकाश.